1924 च्या बेळगावात काळ सांगण्याच्या सगळ्या बोली एक झाल्या असत्या तर? (काल्पनिक इतिहास, मते हवीत)

वेणुग्रामकर (धागाकर्ता)

नमस्कार. एका दीर्घकथेचा आराखडा येथे ठेवत आहे. कथा काल्पनिक आहे, परंतु तिच्या भोवतीचा इतिहास खराच असला पाहिजे असा माझा हट्ट आहे; म्हणून सीमाभागातील जाणत्या सभासदांनी ती ठोकून-वाजवून पाहावी, अशी विनंती करतो.

26 व 27 डिसेंबर 1924 रोजी बेळगावात काँग्रेसचे अधिवेशन भरले. महात्मा गांधींनी अध्यक्षपद स्वीकारलेले ते एकमेव अधिवेशन, आणि त्याच्या पाण्यासाठी खोदलेली काँग्रेस विहीर टिळकवाडीत आजही आहे, हे आपण जाणताच. माझ्या कथेत त्या मोठ्या मांडवाच्या मागे एक लहान मांडव आहे. तेथे पंचांगकर्ते, गावोगावचे कुलकर्णी, रेल्वेचे बाबू, मठांतील शास्त्री, मौलवी, जैन पंडित आणि काही शेतकरी बसले आहेत. बाहेर स्वराज्याची चर्चा चालू असताना आत ही मंडळी असे ठरवतात की, येथून पुढे या मुलखात काळ एकाच भाषेत सांगितला जाईल. सन एक, वर्षाचा आरंभ एक, महिना एक, दिवस केव्हा बदलतो याचा नियम एक आणि घड्याळही एक.

त्यांच्यापुढे केवढे ओझे होते हे कळावे म्हणून अधिवेशनाच्या पहिल्या दिवसाची, म्हणजे त्या शुक्रवारची तारीख निरनिराळ्या रीतींनी लिहून पाहिली. आपल्याकडे शके 1846, रक्ताक्षी नाम संवत्सर, सूर्योदयाला मार्गशीर्ष अमावास्या. पौर्णिमेला महिना संपवणाऱ्या उत्तरेकडील प्रतिनिधीला तीच अमावास्या पौषातली, आणि त्याचा सन विक्रम संवत 1981. बस्तीतील, म्हणजे जैन मंदिरातील, पंडिताच्या लेखी वीर निर्वाण संवत 2451. हिजरी सन 1343, जमादिलावल सरत आलेला. जुन्या महसुली दप्तराच्या हिशेबाने फसली 1334. कलियुगाची 5025 वर्षे उलटलेली. राज्याभिषेक शक कोणी मोजत राहिले असते, तर त्याचे 251 वे वर्ष चालू.

तर प्रश्न असा की, या सर्वांचे एकमत होणे शक्य होते का? असल्यास सर्वांत आधी कोणी काय सोडले असते?

मोडीमित्र

विषय फार आवडला. यादीत सुहूर सन राहिला आहे, तो घालावा. आदिलशाहीपासून पेशवाईपर्यंतचे आपल्या भागातील कागद त्याच्याशिवाय लागत नाहीत. सूर्य मृग नक्षत्रात शिरला की त्याचे वर्ष पालटते आणि आकडा अरबी शब्दांत लिहिला जातो. शिवछत्रपतींच्या राज्याभिषेकाच्या वर्षाला ‘खमस सबैन अलफ’ म्हणजे 1075 येते. त्यात 599 मिळवले की 1674 मिळते. जानेवारीपासून मृगापर्यंतचा कागद असेल तर 600 मिळवावे लागतात, आणि नवख्या वाचकाचा घोळ नेमका तेथेच होतो. 1924 च्या डिसेंबरात हा सन 1325 होता.

मात्र आपण या बोलींना प्रतिस्पर्धी मानता असे दिसते, ते मला पटत नाही. त्यांची कामे वेगवेगळी होती. सारा वसूल व्हायचा तो पीक हाती आल्यावर, म्हणून महसुलाला पावसाळ्यापासून सुरू होणारे वर्ष हवे होते. व्रतवैकल्यांना तिथी हवी होती. दरबाराला आपल्या सत्तेचा आरंभ सांगणारा सन हवा होता. एकाच कारकुनाच्या लेखणीतून सकाळी एक आणि दुपारी दुसरा सन उतरत असे, आणि त्याला त्यात काही विसंगत वाटत नसे.

शिवार_खानापूर

सभेत शेतकऱ्यांना बोलावले याबद्दल आभार. परंतु त्यांना शेवटच्या रांगेत बसवू नका. आमच्याकडे धूळवाफ, म्हणजे कोरड्या मातीत, भातपेरणी करणारा माणूस तिथी विचारत नाही आणि तारीखही फारशी विचारत नाही. तो मिरग कधी निघतो ते विचारतो. मृगानंतर आर्द्रा, मग पुनर्वसूचा तरणा पाऊस, पुष्याचा म्हातारा, आश्लेषांचा आसळका, मघांचा सासूचा, पूर्वांचा सुनेचा, उत्तरा आणि शेवटी हत्ती. सूर्य एका नक्षत्रात सुमारे तेरा-चौदा दिवस राहतो, त्यामुळे हे कोष्टक दरवर्षी जवळजवळ त्याच तारखांना येते. मृग 7 किंवा 8 जूनला लागतो, अधिक महिना असो वा नसो. चंद्राच्या महिन्यांना हे जमत नाही. आषाढ एखाद्या वर्षी लवकर येतो, एखाद्या वर्षी उशिरा, आणि आषाढ पाहून पेरणारा माणूस फसतो.

सभेने नक्षत्रे वगळली तर खानापूर तालुका सभात्याग करील, एवढे कथेत जरूर लिहावे.

अनगोळकर

सासूचा आणि सुनेचा पाऊस एकत्र करणारा ठराव कोणत्याही सभेत एकमताने मंजूर होणार नाही, हे मी आजच लिहून देतो.

ग्रहगणित

खरे भांडण मराठी-कानडीचे नाही आणि हिंदू-मुसलमानांचेही नाही. ते पंचांगकर्त्यांचे आपापसातले आहे, आणि ते नीट समजून घेतल्याशिवाय ही कथा उभी राहणार नाही.

राशिचक्राचा आरंभ आकाशात कोठे धरायचा, असा हा वाद आहे. केरो लक्ष्मण छत्रे यांनी 1865 पासून प्रत्यक्ष वेधांशी जुळणारे पटवर्धनी पंचांग सुरू केले आणि रेवतीचा एक तारा आरंभस्थान मानला. लोकमान्य टिळकांनी हाच पक्ष उचलून धरला. दुसरी बाजू व्यंकटेश बापूजी केतकरांची. ते नरगुंदचे, शिक्षक म्हणून बागलकोटला राहिले, आणि चित्रा ताऱ्याच्या समोरचा बिंदू हाच आरंभ, असे त्यांनी गणिताने मांडले. याच केतकरांनी 1911 मध्ये नेपच्यूनच्या पलीकडे आणखी ग्रह असावेत असा अंदाज फ्रेंच ज्योतिष परिषदेच्या नियतकालिकात प्रसिद्ध केला होता. कर्नाटकातील एका तालुक्याच्या गावी बसून हे सारे करणारा मराठी गणिती 1924 मध्ये सत्तर वर्षांचा होता आणि आपल्या मांडवापासून एका दिवसाच्या प्रवासावर होता. त्याला वगळून ही सभा भरवणे हा अन्याय ठरेल.

दोन पक्षांत फरक सुमारे चार अंशांचा. सूर्य रोज जवळपास एक अंश चालतो, म्हणून टिळक पंचांगाची मकरसंक्रांत 10 जानेवारीला येते आणि इतरांची 14 किंवा 15 ला. शिवार_खानापूर यांचा मृगही त्या पंचांगात चार दिवस आधी निघतो. एवढ्यावर भागले असते तर कोणी फारसे मनावर घेतले नसते. पण ज्या चांद्रमासात संक्रांत पडत नाही तो अधिक, असा नियम असल्यामुळे संक्रांत चार दिवस सरकली की काही वर्षी अधिक महिनाच बदलतो. मग एकाच गल्लीतील एका घरी दिवाळी आणि दुसऱ्या घरी दिवाळीला अजून महिना, अशी अवस्था होते.

टिळकांच्या पुढाकाराने 1904 मध्ये मुंबईला आणि पुढे पुणे व सांगलीलाही ज्योतिषांची संमेलने भरली होती. म्हणजे धागाकर्त्यांच्या सभेसारख्या सभा खरोखरच झाल्या होत्या, आणि प्रश्न तरीही सुटला नाही. त्यात 1924 च्या अधिवेशनाची धुरा वाहणारे गंगाधरराव देशपांडे टिळकांचे निष्ठावंत अनुयायी. 1916 मध्ये टिळकांनी होमरूल लीगची स्थापना याच बेळगावात केली. लोकमान्यांना जाऊन जेमतेम चार वर्षे झालेली असताना त्यांच्याच अनुयायांच्या मांडवात रेवती पक्ष सोडा, असे कोण म्हणणार होते?

घाटमाथा

प्रतिसाद विद्वत्तापूर्ण आहे, पण बेळगावची कथा लिहायची आणि त्यात मराठी-कन्नड संघर्ष नाही, हे वाचकाला खोटे वाटेल. येथे 1 नोव्हेंबर ही एकच तारीख एका बाजूला राज्योत्सव आणि दुसऱ्या बाजूला काळा दिवस म्हणून पाळली जाते. काळ सांगण्याच्या दोन भाषा याहून वेगळ्या काय असतात?

सौंदत्तीची_सून

घाटमाथा, तुमचे उदाहरण 1956 नंतरचे आहे. कथा 1924 ची आहे आणि तेव्हा हा सगळा भाग मुंबई इलाख्यात होता. शिवाय काळगणनेपुरते पाहिले, तर मराठी आणि कन्नड माणसांत वाद जवळजवळ नाहीच. माझे माहेर मराठी आणि सासर कन्नड, त्यामुळे हे मला रोजच दिसते. दोघांचा शालिवाहन शक एकच, दोघांचे महिने अमावास्येला संपणारे, साठ संवत्सरांचा क्रमही तोच. आम्ही गुढी उभारतो त्याच सकाळी सासरी युगादीचा बेवु-बेल्ला (कडुनिंब आणि गूळ) वाटला जातो. उत्तरेकडे याच संवत्सरांची मोजणी वेगळी चालते, आपल्या दोघांकडे ती जुळते. आमचा अश्विन त्यांचा आश्वयुज आणि आमचा पौष त्यांचा पुष्य, एवढाच काय तो फरक.

फरक पडतो तो बैलांच्या सणात. ज्येष्ठ पौर्णिमेला कार हुण्णिमे, म्हणजे आपला कर्नाटकी बेंदूर, आणि आषाढ पौर्णिमेला महाराष्ट्रीय बेंदूर. चिकोडी-निपाणीकडच्या काही गावांत एका वस्तीचे बैल ज्येष्ठात सजतात आणि शेजारच्या वस्तीचे आषाढात. वाद असा नाही. उलट रंगाची दुकाने दोन महिने चालतात.

सौंदत्तीच्या यल्लम्मा देवीच्या यात्रेचे तर विचारूच नका. मार्गशीर्ष पौर्णिमेला रांडाव पुनव आणि माघ पौर्णिमेला अहेव पुनव. यात्रेला येणाऱ्या गाड्यांत कोल्हापूरचे लोक असतात, धारवाडचे असतात, आणि डोंगरावर पोहोचायचा दिवस कोणालाही समजावून सांगावा लागत नाही. तुमच्या सभेतील शास्त्र्यांनी तीन दिवस वाद घालण्याऐवजी एकदा ही यात्रा पाहून यावे.

मोडीमित्र

सौंदत्तीच्या ताईंशी पूर्ण सहमत. सीमाभागातील जुन्या कागदांतही भाषा बदलते, तारखेची रीत बदलत नाही.

हलशीचा_वाटसरू

एकीकरणाचा एक मोठा प्रयत्न याच प्रदेशात खरोखर झाला होता आणि तो फसला, याची आठवण करून देतो. कल्याणच्या चालुक्यांचा सहावा विक्रमादित्य 1076 मध्ये गादीवर आला आणि त्याने शालिवाहन शक बाजूला सारून आपल्या नावाचा चालुक्य विक्रम काल सुरू केला. उत्तर कर्नाटकातील शेकडो शिलालेख या सनाने दिनांकित आहेत. राजाचा हुकूम, अर्धा दख्खन ताब्यात, जवळपास पन्नास वर्षांची राजवट. याहून बळकट सभा कोणती असेल? तरीही शंभरेक वर्षांत चालुक्यांची सत्ता ढळली आणि लोक पुन्हा शकाकडे वळले. त्याच काळात इकडे हलशी-गोव्याचे कदंब आपल्या लेखांत कलियुगाची वर्षे घालत होते. शेजारी दोन राजघराणी, आणि दोघांची वर्षे मोजायची सुरुवात वेगळी.

आणखी एक गोष्ट धागाकर्त्यांच्या कामाची आहे. बेळगावच्या किल्ल्यातील कमल बस्ती रट्ट राजा चौथा कार्तवीर्य याच्या काळातली, 1204 ची. ते संवत्सर रक्ताक्षी. आपण 1924 साठी दिलेले संवत्सरही रक्ताक्षी. मधली 720 वर्षे म्हणजे साठाची बरोबर बारा आवर्तने होतात. कथेतला जैन पंडित उठून हे सांगू शकेल, आणि त्यासाठी काहीही रचावे लागणार नाही.

ग्रहगणित

हे लक्षात आले नव्हते, सुरेख. त्याला पुस्ती एवढीच की, संवत्सराच्या नावाने वर्ष सांगण्यात हाच धोकाही आहे. नुसते ‘रक्ताक्षी’ म्हटले तर 1204 की 1924, की मधली एखादी फेरी, हे कळत नाही. नुसता शक सांगितला तर तो गत (पूर्ण झालेली वर्षे) की वर्तमान (चालू वर्ष), हा प्रश्न येतो आणि एका वर्षाचा फरक पडतो. म्हणून जुने लेख शक आणि संवत्सर दोन्ही देतात, कारण एकाची खोट दुसरा भरून काढतो. सभेने यांपैकी एक रद्द केला असता, तर पुढच्या इतिहासकारांनी सभेला शिव्याच घातल्या असत्या.

स्टेशन_रोड

मंडळी शतकांत रमली आहेत, मी मिनिटांवर येतो.

बेळगाव साधारण साडेचौऱ्याहत्तर रेखांशावर आहे. भारतीय प्रमाणवेळ साडेब्याऐंशी रेखांशाची. फरक आठ अंशांचा आणि प्रत्येक अंशाला चार मिनिटे, म्हणजे आपला खरा मध्यान्ह घड्याळाच्या सरासरी 32 मिनिटे मागे. प्रमाणवेळ 1 जानेवारी 1906 पासून आली. त्याआधी रेल्वे मद्रासच्या वेळेने चालत असे आणि मुंबईची वेळ तिच्यामागे अर्धा तास. प्रमाणवेळेचे नऊ वाजले असता मद्रासच्या वेळेने 8.51, बेळगावच्या स्थानिक वेळेने 8.28 आणि मुंबईच्या वेळेने 8.21 होतात. मुंबई महापालिकेने तर आपली जुनी वेळ 1955 पर्यंत सोडली नाही. म्हणजे 1924 च्या अधिवेशनाला मुंबईहून आलेला एखादा गृहस्थ खिशात वेगळे घड्याळ घेऊन उतरला असता, तरी त्यात नवल नव्हते.

तरीही शेवटी सगळ्यांनी एक वेळ मान्य केलीच, आणि तीही कोणत्याही धर्मशास्त्राचा आधार न घेता. गाडी चुकली की पुढची गाडी दुसऱ्या दिवशी. एवढे कारण लोकांना पुरले. धागाकर्त्यांच्या प्रश्नाचे उत्तर मला येथे दिसते. जेथे दोन अनोळखी माणसांना एकाच क्षणी एका ठिकाणी हजर व्हावे लागते, तेथे एकीकरण होते. जेथे तशी गरज नाही तेथे सभा कितीही भरवा.

अनगोळकर

स्टेशन_रोड, लग्नातही शेकडो अनोळखी माणसांना एकाच क्षणी हजर व्हावे लागते. आमच्याकडे मुहूर्त 12.32 चा असतो आणि अक्षता एक वाजून गेल्यावर पडतात. त्याचे काय?

स्टेशन_रोड

मुहूर्त स्थानिक वेळेचा समजावा. 32 मिनिटांचा हिशेब तंतोतंत जुळतो.

बागवान_गल्ली

हसून झाले असेल तर हिजरी सनाविषयी थोडे गंभीरपणे लिहितो, कारण येथे त्याचा उल्लेख यादीपुरताच आला आहे.

हिजरी वर्ष शुद्ध चांद्र आहे. त्यात अधिक महिना नाही, असू शकत नाही. वर्ष सौर वर्षापेक्षा सुमारे अकरा दिवसांनी लहान असल्यामुळे रमजान सगळ्या ऋतूंतून फिरतो आणि तेहेतीसेक वर्षांनी पुन्हा त्याच हंगामात येतो. उन्हाळ्यातले रोजे आणि थंडीतले रोजे दोन्ही प्रत्येकाच्या वाट्याला यावेत, अशी ही रचना आहे. सभेने तिला ऋतूंना बांधून टाकले असते तर त्या मौलवीसाहेबांनी सही केली नसती, आणि ते योग्यच झाले असते. शिवाय महिना चंद्र दिसल्यावर सुरू होतो. आगाऊ छापलेला कागद तेथे अंदाज सांगतो, निर्णय देत नाही.

आता मोडीमित्र यांच्या सुहूर सनाकडे पाहा. 1344 च्या सुमारास सुहूर आणि हिजरी यांचा आकडा एकच होता. दख्खनमधील सुलतानी कारभाराने वर्षाचा आकडा हिजरीचा घेतला आणि त्याला मृगाला, म्हणजे सूर्याला बांधले, कारण सारा पिकावर होता. महिने आणि तारखा मात्र चंद्राच्याच ठेवल्या. कागदावर तारखेआधी येणारा ‘छ’ त्याच चंद्राचा. अकरा-अकरा दिवस साचत साचत 1924 पर्यंत सुहूर 1325 आणि हिजरी 1343 झाले होते. मला तर वाटते, आपण ज्या एकीकरणाची कथा लिहू पाहता, ते याच मातीत एकदा झाले होते. मशिदीतला सन मशिदीत राहिला, शेतातला शेतात, आणि दोघांच्या मध्ये दप्तरात एक तिसराच सन बसला. त्या तिसऱ्या सनाला लिहिणारे हात बहुतांश मराठी आणि कन्नड कुलकर्ण्यांचे होते.

मोडीमित्र

बागवान साहेब, हा प्रतिसाद स्वतंत्र लेख व्हावा. फसलीही त्याच जातीचा, फक्त त्याची बांधणी नंतरची, म्हणून आकड्यात नऊ वर्षांचे अंतर.

मठगल्ली

एका बाबीकडे कोणी पाहिलेले नाही. तिथी एकच असली तरी ती कोणत्या दिवशी पाळायची, यावर एकमत नसते. आमच्याकडे माध्व परंपरेत सूर्योदयापूर्वी चार घटका, म्हणजे 96 मिनिटे, अरुणोदय धरतात. त्या वेळी दशमीचा अंश असेल तर ती एकादशी टाकून दुसऱ्या दिवशी उपवास करतात. स्मार्त मंडळी सूर्योदय पाहतात. म्हणूनच भिंतीवरच्या दिनदर्शिकेत स्मार्त एकादशी आणि भागवत एकादशी अशा दोन नोंदी येतात. त्यात पुन्हा काही मठांची पंचांगे सूर्यसिद्धान्त या जुन्या ग्रंथाच्या गणिताने होतात, आणि वेधांशी जुळणाऱ्या पंचांगापेक्षा त्यांची तिथी काही घटका मागेपुढे असते. गणित एक झाले तरी नियम दोन राहतात, आणि नियम एक झाला तरी गणित दोन राहते. दोन्ही एकाच सभेत सुटणे अवघड दिसते.

घाटमाथा

मूळ मुद्द्यावर येतो. कल्पना कशाला हव्यात? स्वतंत्र भारतात हे एकीकरण सरकारने केलेच की. 1952 मध्ये मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली. देशात तीसच्या आसपास पंचांगे चालू असल्याचे तिने दाखवले. नागपूरचे के. ल. दफ्तरी आणि पुण्याचे ज. स. करंदीकर हे मराठी विद्वान तिच्यात होते. 1955 मध्ये अहवाल आला आणि 22 मार्च 1957 हा 1 चैत्र 1879 ठरवून राष्ट्रीय दिनदर्शिका सुरू झाली. वैशाख ते भाद्रपद 31 दिवसांचे, आश्विन ते फाल्गुन 30 दिवसांचे, चैत्र 30 चा आणि लीप वर्षी 31 चा. वर्ष ऋतूंना घट्ट बांधलेले. इतकी सुटसुटीत दिनदर्शिका जगात थोडीच असेल. राजपत्रावर ती असते, आकाशवाणीवर सांगितली जाते. आणि येथील किती सभासदांना आजची राष्ट्रीय तारीख न पाहता सांगता येईल?

ग्रहगणित

घाटमाथा, एकदम नेमके. भर एवढीच की, समितीने धार्मिक पंचांगांसाठी चित्रा पक्षाचे आरंभस्थान स्वीकारले आणि 21 मार्च 1956 रोजी अयनांश, म्हणजे वसंतसंपातापासून त्या आरंभस्थानाचे अंतर, 23 अंश 15 कला धरावेत असे ठरवले. बागलकोटच्या शिक्षकाचा पक्ष त्याच्या मागे पंचवीसेक वर्षांनी दिल्लीत मान्य झाला. टिळक पंचांग तरीही निघते आणि त्याची संक्रांत आजही 10 जानेवारीलाच येते.

शिवार_खानापूर

राष्ट्रीय दिनदर्शिकेत नक्षत्राच्या पावसाला ठळक जागा असती, तर आम्ही तरी ती वापरली असती.

वेणुग्रामकर (धागाकर्ता)

सर्वांचे मनःपूर्वक आभार. या चर्चेने माझा आराखडा पुरता मोडला आहे आणि त्याचा मला आनंद आहे. ‘एकच सन’ हा ठराव आता कथेत फेटाळला जाईल. स्टेशन_रोड आणि बागवान_गल्ली यांचे प्रतिसाद एकत्र वाचल्यावर असे वाटते की, सभा शेवटी एका सामाईक तक्त्यावर सहमत होईल. प्रत्येकाने आपला सन राखावा, परंतु देवाणघेवाणीचा कागद असेल तेथे एका ओळीत सर्व सन लिहावेत आणि ती ओळ बेळगावच्या सूर्योदयाने बांधावी. एकीकरण होईल ते त्या ओळीचे.

मठगल्ली

क्षमा असावी, पण आपण ज्याचे वर्णन केले त्याला आम्ही पंचांगाचे पान म्हणतो. शक, संवत, हिजरी, इंग्रजी तारीख, सूर्योदय, सगळे एका ओळीत आधीपासून आहे.

अनगोळकर

म्हणजे तीन दिवस वाद घालून मंडळींनी पंचांगाचा शोध लावला.

हलशीचा_वाटसरू

त्यात हसण्यासारखे काही नाही. पानावर सगळे सन असतात हे खरे, पण ते पान कोणाचे, यावरच तर भांडण होते. बेळगावातले एक घर सोलापूरचे पंचांग पाहते, दुसरे धारवाडचे, तिसरे मठाचे. सभेने एकच पान सर्वांना मान्य करवले असते, तर ते विक्रमादित्यालाही न जमलेले काम ठरले असते.

ग्रहगणित

त्याआधी एक अडचण आहे, जी धागाकर्त्यांनी स्वतःच लिहून ठेवली आणि कोणी पाहिली नाही. शुक्रवारी सूर्योदयाला अमावास्या. अमावास्येला शुभकार्याचा आरंभ करायला एकही पंचांगकर्ता बसणार नाही. ती त्याच सकाळी संपते आणि पौष शुद्ध प्रतिपदा लागते, म्हणून सभा प्रतिपदेवर सुरू करावी असे कोणीतरी सुचवील. पण अमावास्या संपली हे कोणाच्या गणिताने? मठगल्ली यांच्या पंचांगाची वेळ वेगळी, केतकरांची वेगळी. आणि ती वेळ स्टेशन_रोड यांच्या कोणत्या घड्याळाने मोजायची? अध्यक्ष निवडण्याआधीच हा वाद उभा राहतो.

वेणुग्रामकर (धागाकर्ता)

पहिले प्रकरण आपण लिहून दिलेत. पूर्ण सकाळ याच वादात जाऊ देतो, आणि मोठ्या मांडवातील कामकाज प्रमाणवेळेने केव्हाच सुरू झालेले असेल. तक्ता शेवटच्या प्रकरणात येईल. त्याचे रकाने कोणते असावेत, याविषयी सूचना असल्यास कळवाव्यात.

मोडीमित्र

सुहूर आणि फसली यांना प्रत्येक वर्षी दोन ओळी द्याव्यात, मृगाच्या आधीची आणि नंतरची. शकाला पाडव्याच्या अलीकडची आणि पलीकडची. नाहीतर जानेवारी ते जून या काळात तक्ता वापरणारा प्रत्येक माणूस एका वर्षाने चुकेल.

सौंदत्तीची_सून

सणांच्या रकान्यात बेंदूर दोन्ही पौर्णिमांना लिहावा आणि तक्ता मराठी व कन्नड अशा दोन्ही लिप्यांत छापावा. आकडे तेच राहणार असल्यामुळे खर्च फारसा वाढणार नाही.

शिवार_खानापूर

नक्षत्राचा रकाना डावीकडे पहिला असावा, वाहनासकट. बेडूक, म्हैस, हत्ती, जे असेल ते. त्याच्या शेजारी एक रिकामा रकाना सोडावा, त्यात पाऊस खरोखर किती पडला ते आम्ही आमचे भरू.